इतिहासपटाचं संकलन करताय? या चुका टाळा

आमच्या बेळगावात शिवजयंती वैशाखात होते. चित्ररथांची मिरवणूक रात्रभर चालते आणि ती संपली की आठ-पंधरा दिवसांत दोन-तीन पोरं माझ्या एडिट-खोलीचा जिना चढून येतातच. कुणी चित्ररथावर मावळा झालेला असतो, कुणी त्याच मिरवणुकीचा व्हिडिओ कापून गावभर फिरवलेला असतो. लग्नाच्या व्हिडिओंवर हात बसलेला असतो. "दादा, ऐतिहासिक मालिकेवर काम पाहिजे," एवढंच म्हणणं असतं. ही मुलं मला मनापासून आवडतात. दिवाळीत मातीचा किल्ला करताना महादरवाजा कुठे आणि चोरवाट कुठे यावरून ज्यांनी अबोला धरला, त्यांचा इतिहासपटात जीव रमतो. पण त्यांचं काम बघायला घेतलं की त्याच त्या चुका समोर येतात. त्यातल्या बहुतेक मीही केल्यात.

या चुकांचं मूळ एकच आहे. शॉट देखणा आहे म्हणून ठेवला जातो. तो त्या काळातला आहे का, त्या ऋतूतला आहे का, त्या माणसाच्या मनातला आहे का, हे विचारलं जात नाही. सेटवर वेशभूषा, कला, कॅमेरा, सगळे आपापल्या परीने जपत असतात, तरी उन्हातान्हात, दीडशे माणसांच्या गर्दीत गोष्टी सुटतात. सुटलेली गोष्ट थांबवता येते अशी शेवटची जागा म्हणजे एडिटरचं टेबल.

आधी तारीख बघा, मग गवत

सिंहगडाची लढाई ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्रीची, म्हणजे माघातली. पन्हाळ्याहून विशाळगडाकडची धाव जुलै १६६० ची, भर पावसातली. अफझलखानाची भेट १० नोव्हेंबर १६५९ ची. आपल्याकडचं कित्तूर घ्या: राणी चन्नम्मांच्या फौजेने कलेक्टर थॅकरेच्या सैन्याला धूळ चारली ती २३ ऑक्टोबर १८२४ ला, पावसाळा नुकता सरलेला असताना. प्रत्येक प्रसंगाला स्वतःचा ऋतू आहे. आपल्या डोंगरांना तो लपवता येत नाही. राजहंसगडावर ऑगस्टमध्ये जे गवत गुडघ्याएवढं हिरवं असतं, ते जानेवारीत पिवळं आणि मार्चमध्ये जागोजागी जळालेलं असतं.

शूटिंग मात्र तारखांच्या सोयीने होतं. एका मालिकेत माघातल्या रात्रीनंतरच्या सकाळचा प्रसंग मी कापत होतो. कलाकारांचे शॉट फेब्रुवारीतले होते, पण मध्ये श्वास घ्यायला मला डोंगराचे दोन शॉट हवे होते. संग्रहात खानापूरकडचे फार सुंदर शॉट होते, धुक्यातून वर येणारी हिरवीगार धार. मी ते लावले. प्रसंग गोड दिसू लागला आणि त्यातलं दुःख निघून गेलं. माघात कोरड्या गवतावरून वारा वाहतो, त्याचा आवाजसुद्धा वेगळा असतो. हे मला कळायला हवं होतं, कारण मी त्याच मातीतला आहे.

उपाय साधा आहे. रशेस, म्हणजे शूटिंगचं कच्चं चित्रण, लॉग करताना, म्हणजे त्याची यादी लिहिताना, शॉटच्या नावासोबत दोन रकाने जास्तीचे ठेवा: शूटिंगचा महिना आणि कथेतला महिना. दोन्ही जुळत नसतील तर तो शॉट लाल खुणेचा. रंगकाम करणारा हिरव्याचं पिवळं करू शकतो, पण ओली माती, भरून वाहणारा ओढा आणि ढगाळ उजेडातली सावली नसलेली माणसं त्याला बदलता येत नाहीत. उलट पळस फुललेला दिसला की तो फाल्गुनाच्या आसपासचा, हे आपल्याकडचं शेंबडं पोरही सांगेल. असा शॉट दसऱ्याच्या प्रसंगात घालू नका.

झाडांच्या बाबतीत आणखी एक. गुलमोहर मूळचा मादागास्करचा, तो शिवकाळात इथे नव्हता. निलगिरी आणि रस्त्याकडेच्या ऑस्ट्रेलियन बाभळी तर फार अलीकडच्या. आपल्या भागात चौकट कुठेही लावली तरी कोपऱ्यात यातलं काहीतरी शिरतं. मोबाइलचा टॉवर सगळ्यांनाच खटकतो. निलगिरीचा सरळसोट बुंधा मात्र कुणाच्या डोळ्यांवर येत नाही, म्हणून तो पडद्यापर्यंत पोचतो.

माणसांच्या अंगावरचा काळही असाच तपासायचा. दंडावरचा लसीचा वण, मनगटावरचा घड्याळाचा फिकट पट्टा, नाकावर चष्म्याचे डाग, दातांवरची तार, कानाच्या पाळीला न वापरलेली भोकं. मुंबईत देवीची पहिली लस टोचली गेली ती १८०२ साली. त्याआधीच्या कुठल्याही मावळ्याच्या दंडावर तो वण असू शकत नाही. रंगभूषेकडून सुटला असेल तर दुसरा टेक घ्या, चित्र थोडं मोठं करून दंड चौकटीबाहेर काढा किंवा पुसण्यासाठी व्हीएफएक्सच्या, म्हणजे संगणकावर चित्र बदलणाऱ्यांच्या, यादीत टाका. पण तो शॉट बघितलाच नाही असं करू नका.

पाटीवरची तारीख आणि नकाशा

प्रसंगाच्या सुरुवातीला पाटी येते: स्थळ, तारीख. ती बहुतेक वेळा एडिटरचा सहायकच टाइप करतो आणि ती कुणी तपासत नाही. इथे एक खरा घोळ आहे. पोर्तुगिजांनी १५८२ सालीच नवी कालगणना घेतली, इंग्रज मात्र १७५२ पर्यंत जुनीच वापरत होते. त्यामुळे शिवकाळातल्या एकाच दिवसाची नोंद गोव्याच्या पोर्तुगीज कागदात आणि इंग्रज वखारीच्या पत्रात दहा दिवसांच्या फरकाने सापडते. राज्याभिषेकाची ६ जून १६७४ ही तारीख जुन्या पद्धतीची आहे, नव्या पद्धतीने तो दिवस १६ जूनला पडतो. तिथी तीच: ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. म्हणून पहिल्याच आठवड्यात इतिहास सल्लागारांकडून लेखी घ्या की सगळ्या पाट्या कोणत्या पद्धतीने जाणार. एका भागात जुनी आणि दुसऱ्यात नवी आली, तर मोहिमेचे दिवस मोजणारा प्रेक्षक लगेच पकडतो. असे प्रेक्षक आपल्याकडे गावोगाव आहेत.

नकाशाचं तर सीमाभागातल्या माणसाने डोळ्यांत तेल घालून बघावं. चंदगड सोडून बाकीचा बेळगाव जिल्हा १ नोव्हेंबर १९५६ ला मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला, म्हैसूरचं नाव कर्नाटक झालं ते १९७३ मध्ये आणि शहराचं सरकारी नाव बेळगावी झालं २०१४ मध्ये. सतराव्या शतकातल्या मोहिमेच्या नकाशावर आजच्या राज्यांच्या रेषा उमटल्या की तो नकाशा खोटा झाला. ग्राफिकवाले तयार नकाशा उचलतात आणि त्यावर बाण फिरवतात. त्यांना रेषा पुसायला सांगा. डोंगर, नद्या, घाट आणि किल्ले ठेवा: मलप्रभा, घटप्रभा, रामघाट, चोर्ला. फौजा याच वाटांनी गेल्या.

आरसा लावू नका

एक माणूस डावीकडे बघतोय, समोरचाही डावीकडेच बघतोय, संवाद जुळत नाही. सोपा इलाज म्हणून शॉट उलटा केला जातो, आरशातल्यासारखा. आधुनिक गोष्टीत हे कधीकधी खपतं. इतिहासपटात मराठी बाईची नथ डाव्या नाकपुडीतून उजवीकडे जाते, कमरेची तलवार बाजू बदलते, अंगरख्याचे बंद दुसरीकडे सरकतात आणि मागच्या भिंतीवरची अक्षरं उलटी होतात. पुढच्याच कटमध्ये सगळं मूळ जागी येतं. प्रेक्षकाला नेमकं काय चुकलं ते सांगता येणार नाही, पण प्रसंगावरचा त्याचा विश्वास हलतो.

दिशा जुळत नसेल तर मधे तटस्थ शॉट घ्या: समोरून, मागून, हातांचा, समईचा, दारातल्या पहारेकऱ्याचा. तेही नसेल तर दिग्दर्शकाला स्पष्ट सांगा की शॉट कमी पडतोय आणि पुढच्या शेड्यूलमध्ये घ्यावा लागेल. मुलं हे सांगायला घाबरतात. वेळेवर सांगितलेला कमी शॉट एका तासाचं काम असतो. शेवटच्या आठवड्यात सांगितला तर तोच भांडणाचं कारण होतो.

लढाई कापताना

नवा एडिटर लढाईवर तुटून पडतो. दर अर्ध्या सेकंदाला कट, मधेच संथगती, मधेच वेग, वर ढोल. तीन मिनिटांनी कोण कुणाला मारतंय ते कळत नाही.

लढाईला आधी भूगोल द्या. कोणती फौज पडद्याच्या डावीकडून येते आणि कोणती उजवीकडून, हे पहिल्या मिनिटात बसलं पाहिजे आणि बदलायचं असेल तर प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर बदललं पाहिजे. उंचावर कोण, खाली कोण? पाण्याची वाट कुणाच्या ताब्यात आहे? आपल्या भागातल्या लढाया दऱ्याखोऱ्यांच्या आहेत. मूठभर माणसांनी खिंड अडवून धरली, यातला सगळा जोर ती खिंड किती अरुंद आहे हे आधी दिसण्यात आहे. म्हणून मी हाणामारीला हात लावण्याआधी जागेचे शॉट मांडतो आणि ते आवाजाशिवाय घरातल्या कुणालातरी दाखवतो. "शत्रू कुठून येणार?" असं विचारतो. समोरच्याने बरोबर बोट दाखवलं की पुढे जातो.

निर्मात्याकडे दोन हजारांची फौज नसते, साठ ज्युनियर, म्हणजे गर्दीतले कलाकार, असतात. ती साठ माणसं दोन हजार दिसण्यात एडिटरचा मोठा वाटा असतो आणि घात होतो तोही तिथेच. विरळ गर्दीचा मोठा शॉट दोन सेकंदांपेक्षा जास्त धरू नका. आवाज चौकटीबाहेरून भरा. धुरळ्यातून बाहेर येणारा एकच घोडा, मागे न दिसणाऱ्या शंभरांचा गजर, एवढ्याने फौज उभी राहते. सगळ्यात लाजिरवाणी चूक म्हणजे तोच माणूस दोनदा पडणं. पहिल्या चढाईत भाला लागून मेलेला मावळा शेवटच्या चढाईत ओरडत पळतो आणि प्रेक्षक फोनवर तो तुकडा थांबवून एकमेकांना पाठवतात. पडणाऱ्या प्रत्येक चेहऱ्याचं चित्र काढून भिंतीवर लावा, त्याखाली टाइमकोड, म्हणजे तो क्षण किती तास-मिनिट-सेकंदांवर येतो तो आकडा, लिहा. मी अजूनही हेच करतो. लढाई लॉक होईपर्यंत, म्हणजे तिचा कट पक्का ठरेपर्यंत, माझी भिंत भरलेली असते.

रबरी तलवार वाकलेली एखाद-दुसऱ्या फ्रेममध्येच दिसते, त्यामुळे घाव बसतो तिथे फ्रेम-फ्रेम पुढे जाऊन बघा. आणि संथगती जपून वापरा. संथगतीत शस्त्राचं वजन नाहीसं होतं, कारण वजन आपल्याला वेगातूनच जाणवतं. घाव खऱ्या वेगात ठेवा. थांबायचंच असेल तर घावानंतरच्या चेहऱ्यावर थांबा.

घोड्यांच्या टापा हा वेगळाच विषय आहे. दुडक्या चालीत दोन ठोके पडतात, त्याहून वेगाच्या चालीत तीन आणि भरधाव चौखूर धावताना चार. बाजारातल्या आवाजांच्या संचातला एकच तुकडा सगळीकडे चिकटवला जातो, त्यामुळे दुडकणाऱ्या घोड्याला चौखूर टापा लागतात. घोडं पाळलेल्या माणसाला हे डोळे मिटूनही कळतं. मुरमाड जमीन, चिखल आणि दगडी फरसबंदी यांचे आवाजही निराळे असतात.

भाषा: आपल्या हातातली खरी चीज

बेळगावातलं पोर घरी मराठी बोलतं, बाजारात कन्नड, कॅम्पात आणि गल्लीत दख्खनी हिंदी, आणि खानापूरच्या घाटाकडे गेलं की कोकणीही कानावर पडते. कित्तूर, राणी चन्नम्मांचे सेनानी संगोळ्ळी रायण्णांचा लढा, बेळवडीच्या राणी मल्लम्मांची गोष्ट, आदिलशाही दरबार, यातलं काहीही कापायचं असलं तरी संवाद दोन-तीन भाषांत असतात. रायण्णांना फाशी दिलं ते नंदगड आपल्या खानापूर तालुक्यातच आहे. हा इतिहास दोन्ही भाषांचा आहे आणि तो दोन्ही भाषा कानात असलेल्या माणसाने कापावा, असं मला फार वाटतं.

भाषा न कळणारा एडिटर आवाजाच्या लाटा बघून कापतो. लाट बसली की वाक्य संपलं असं धरतो. कन्नडात नकार वाक्याच्या शेपटीत असतो. 'कोडोदिल्ल' म्हणजे 'देणार नाही', त्यातला शेवटचा 'इल्ल' कलाकाराने हळू उच्चारला आणि कट चार फ्रेम आधी पडला की नकारच गेला. मराठीतही 'देणार नाही' मधला 'नाही' असाच ओठांत विरतो. कर द्यायला नकार हाच ज्या प्रसंगाचा कणा आहे, तिथे हे किती महागात पडेल! कळत नसलेल्या भाषेतला प्रत्येक संवाद त्या भाषेच्या माणसाला शेजारी बसवून ऐका. कळत असलेल्या भाषेतलाही एकदा डोळे मिटून ऐका.

मुलं कामाच्या अर्जात फक्त मराठी लिहितात. कन्नड येतं हे सांगायला बिचकतात, कुणाला काय वाटेल म्हणून. असं करू नका. एकच मालिका मराठीतून कन्नडात किंवा कन्नडातून हिंदीत जाते, तेव्हा दोन्ही बाजू समजणारा सहायक एडिटर सगळ्यांना हवा असतो. माझं पहिलं मोठं काम मला याच कारणाने मिळालं.

डबिंग होणार असेल तर पहिल्या दिवसापासून संवाद, परिणाम आणि संगीत वेगवेगळ्या ट्रॅकवर ठेवा. एका कामात मी गर्दीच्या घोषणा संवादांच्या ट्रॅकवरच राहू दिल्या होत्या. दुसऱ्या भाषेसाठी संवाद काढले आणि गजरासकट अख्खी फौज मुकी झाली. चार रात्री बसून परत उभी केली.

मूळ ध्वनीत विमान, रेल्वे, पंप, भोंगे येतातच. सांब्र्याच्या बाजूला विमानं आणि लोंढ्याकडे रेल्वे, यांना टाळता येत नाही. प्रत्येक जागी माणसं निघून जाण्याआधी अर्धा-एक मिनिट नुसती शांतता ध्वनिमुद्रित करायला सांगा. संवादांमधली ठिगळं झाकायला तीच उपयोगी पडते. जांबोटी-कणकुंबीकडच्या रातकिड्यांचा आणि पहिल्या पावसानंतरच्या बेडकांचा आवाज मी स्वतः जाऊन आणलाय. तो विकतच्या आवाजांत सापडत नाही.

यंत्राच्या बाजूचे घोळ

आता अडल्यावर करायच्या गोष्टी, थोडक्यात.

ओठ आणि आवाज हळूहळू सुटत जातात. सुरुवातीला जुळतं आणि दहा मिनिटांनी अर्ध्या सेकंदाहून जास्त फरक पडतो. कारण बहुधा सेकंदाला २४ आणि २३.९७६ फ्रेमची गल्लत: तासाला ३.६ सेकंदांचा फरक. २४ आणि २५ ची गल्लत तर तासाभराचा ऐवज ५७ मिनिटं ३६ सेकंदांवर आणते. थिएटरसाठी २४, आपल्याकडच्या टीव्हीसाठी २५. ड्रोनवाला ३० वर उडवून आणतो. पहिल्या दिवसाचे रशेस आले की सगळ्या कॅमेऱ्यांचा एकेक तुकडा आणि ध्वनी एकत्र लावून दहा मिनिटांची चाचणी घ्या. ध्वनी ४८ किलोहर्ट्झचा आहे ना, तेही तिथेच बघा.

रात्रीच्या दरबारात उजेड थरथरतो. आपली वीज ५० हर्ट्झची. २४ फ्रेमवर कॅमेऱ्याचं शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमला किती वेळ उजेड मिळतो ते ठरवणारा भाग, १८० अंशांवर ठेवलं की काही दिवे लुकलुकतात, १७२.८ अंशांवर ठेवलं तर बहुतेक वेळा थांबतात. हे एडिटरला पहिल्या रात्रीच दिसलं आणि त्याने फोन केला, तर पुढच्या रात्री वाचतात. मशालीची थरथर आहे असं समजून गप्प बसू नका. मशाल कशीही हलते, विजेच्या दिव्याची थरथर एका ठेक्यात असते.

चुकीचाच शॉट जोडला जातो. बरेच कॅमेरे प्रत्येक कार्डावर तीच नावं परत देतात. दोन वेगळ्या दिवसांच्या एकाच नावाच्या फायली एका फोल्डरमध्ये पडल्या की फाइल परत जोडताना सॉफ्टवेअर हाताला लागेल ती उचलतं. दिवस, कॅमेरा, कार्ड असे फोल्डर करा आणि एकदा आत घेतलेल्या फायलींची नावं बाहेरून बदलू नका. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साठ्यांवर, एक दुसऱ्या इमारतीत. आपल्याकडच्या पावसाळ्यात वीज जाते तेव्हा यूपीएस आणि दुसऱ्या ड्राइव्हवरची ऑटोसेव्ह यांच्यावरच दिवस तरतो.

देवनागरी पाट्या फुटतात. 'स्वराज्य' मधलं जोडाक्षर सुटतं, 'शिवाजी' मधली ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या उजवीकडे जाऊन बसते. प्रीमियरमध्ये मजकुराची मांडणी 'साउथ एशियन अँड मिडल ईस्टर्न' वर ठेवली की सुटतं. जुन्या पद्धतीच्या फॉन्टमधला मजकूर युनिकोडमध्ये बदलून घ्या आणि अंतिम फाइल निघाल्यावर प्रत्येक पाटी मोठ्याने वाचा. महाराजांचं नाव चुकीचं छापलेली पाटी घराघरात पोचणं ही मला फार मोठी चूक वाटते.

व्हीएफएक्सला शॉट देताना दोन्ही टोकांना निदान आठ-बारा फ्रेम जास्तीच्या द्या, आणि वेग बदललेला शॉट असेल तर तसं वेगळं कळवा. लॉक म्हणजे लॉक. लॉकनंतर सहा फ्रेम वाढवल्या तरी तिकडे कुणाचा तरी आठवडा परत लागतो.

घोडे, परवानगी, प्रमाणपत्र

सिनेमात घोडा, बैल, हत्ती, कुत्रा, काहीही दिसत असेल तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी लागते आणि त्यानंतरच सेन्सॉर प्रमाणपत्राचं पुढे सरकतं. म्हणून प्राण्याच्या प्रत्येक शॉटची यादी टाइमकोडसह पहिल्यापासून ठेवा. पडणारा घोडा संगणकावर केलेला असेल तर मूळ शॉट आणि टप्प्याटप्प्याची चित्रं जपून ठेवा, ती मागितली जातात. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए, म्हणजे मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली बघायच्या सिनेमाच्या, प्रमाणपत्राचे ७, १३ आणि १६ वर्षं असे तीन गट झाले आहेत. लढाईतल्या रक्ताच्या जागांना पर्यायी कट आधीच करून ठेवला तर शेवटच्या दिवसांत घाईने केलेली मोडतोड टळते. प्रमाणपत्र मिळाल्यानंतर सिनेमात परस्पर काहीही बदलायचं नाही.

उमेदवारीतल्या चुका

कोल्हापूर आपल्यापासून सव्वाशे किलोमीटरच्या आत. बाबूराव पेंटरांची कंपनी तिथली, १९२९ मध्ये प्रभात तिथेच सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली, भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ तिथलाच. पुण्यात प्रभातच्याच जागेवर १९६० साली चित्रपट संस्था उभी राहिली आणि तिथे आजही संकलन शिकवलं जातं. मराठी ऐतिहासिक सिनेमाची मुळं आपल्या इतकी जवळ आहेत. तरी मुलं लग्नाची क्लिप घेऊन थेट मुंबईची गाडी पकडतात.

त्या क्लिपमध्ये गाणं असतं आणि चमकदार कट असतात. मुख्य एडिटरला त्यातून काही कळत नाही. दोन माणसांचा, संगीत नसलेला, तीन मिनिटांचा संवाद कापून न्या. इथल्या नाटक मंडळींना घेऊन वाड्यात एखादा प्रसंग स्वतः चित्रित करा. कुणाच्या चेहऱ्यावर कधी जायचं आणि कुणाचं ऐकणं दाखवायचं, हे त्यात उघडं होतं.

सहायकाची वर्षं टाळू नका. रशेस जुळवणं, लॉग लिहिणं, फायली पाठवणं यातूनच शॉट ओळखण्याची नजर येते. स्पॉट एडिटर म्हणून, म्हणजे शूटिंग चालू असतानाच कच्चा कट जोडायला, सेटवर बसायला मिळालं तर जाच. कमी पडणारा शॉट तिथेच मागता येतो.

पैशाचं तोंडी ठरवू नका. मी एकदा सात महिन्यांचं काम शब्दावर केलं. शेवटचे दोन हप्ते आले नाहीत आणि श्रेयनामावलीत नावही आलं नाही. त्यानंतर मी एका पानावर लिहून घेतो: किती आठवडे, किती वेळा बदल, त्यापुढच्या बदलाचे किती, आगाऊ किती, अंतिम फाइल कोणत्या हप्त्यानंतर, नाव कसं लिहायचं आणि कुठे. पैसे अडले म्हणून रशेसचा ड्राइव्ह अडवून धरू नका, तो आपला नाही. पाहणीसाठी पाठवायची प्रत मात्र लहान आणि टाइमकोड छापलेलीच असू द्या.

लॉकच्या आदल्या दिवशी

सगळं झालं की मी ते तीनदा बघतो. एकदा आवाज बंद करून, एकदा पडद्याकडे पाठ करून नुसतं ऐकत, आणि तिसऱ्यांदा आमच्या गावच्या एका काकांना शेजारी बसवून. त्यांचं उभं आयुष्य शेतात गेलं, संकलनातलं त्यांना काही सांगावं लागत नाही. परवा धान्याच्या गाड्या गडावर चढतात असा प्रसंग होता. सल्लागारांनी, दिग्दर्शकांनी, मी, सगळ्यांनी तो पंधरा-वीस वेळा बघितलेला. काका दोन सेकंद पुढे वाकले आणि म्हणाले, "थांब रे. त्या बैलाची वेसण नायलॉनची हाय."

होती. निळसर, चकचकीत. त्या शॉटमध्ये बैलांच्या पायांचा आणि चाकाचा वेगळा तुकडा होता. तीन सेकंद तिथे कट नेला, चाकाची कुरकुर थोडी आधी सुरू केली आणि सकाळी लॉक पाठवला.